मुली हॉलमध्ये, मुलं मैदानावर

आमच्या शाळेतल्या खेळाच्या सरांना पोरं 'दोनफेऱ्या' म्हणायची. तोंडावर नाही, अर्थात. तेवढी कुणाची छाती नव्हती. मैदानावर एखादा पोरगा धापा टाकत "सर, आता नाही होत" म्हणाला, की सर शिट्टी तोंडातून काढायचे आणि म्हणायचे, "नाही होत? मग अजून दोन फेऱ्या." आणि तो पोरगा मारायचा की हो त्या फेऱ्या! रडत, कुथत, सरांच्या नावानं बोटं मोडत, पण मारायचा. मग सर त्याच्या पाठीत असा धपाटा घालायचे की तिसरी फेरी त्या धक्क्यानंच सुरू व्हावी. "बघ, होत होतं की नाही?" म्हणायचे, आणि पोरगं घामाघूम चेहऱ्यानं हसायचं.

मी त्याच शाळेत जीवशास्त्र शिकवायचे. आमची टेबलं स्टाफरूममध्ये शेजारी शेजारी होती, त्यामुळे त्यांच्या खणातल्या मलमाचा वास माझ्या डब्याला यायचा आणि माझ्या तोंडाचा पट्टा त्यांना ऐकावा लागायचा. मला लोक फटकळ म्हणतात. म्हणोत बापडे. सरांनी कधी म्हटलं नाही. उन्हानं रापलेला, ताडमाड माणूस, आवाज मैदानाच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत पोचणारा, पण बाईमाणसाशी बोलायची वेळ आली की नजर जमिनीवर आणि शब्द घशात. मुलींना धावण्यात काय चुकतंय ते सांगतानासुद्धा ते समोरच्या झाडाकडे बघून बोलायचे. मुली म्हणायच्या, सर झाडाला शिकवतात, आम्ही नुसतं ऐकतो.

आता त्या धड्याचं सांगते, कारण ही गोष्ट तिथूनच सुरू होते.

मी नोकरीला लागले तेव्हा माझ्या आधीच्या बाई निवृत्तीला आल्या होत्या. मानवी शरीराचा शेवटचा धडा त्यांनी उभ्या आयुष्यात शिकवला नव्हता. नवी पुस्तकं आली की वाटपाच्या आधी त्या टाचण्यांची डबी घेऊन बसायच्या आणि प्रत्येक पुस्तकातली ती पानं एकमेकांना टाचून टाकायच्या. वर्गात सांगायच्या, "हा धडा सोपा आहे, घरी वाचा." आता तुम्हीच सांगा, पुस्तक हातात पडल्यावर पोरं पहिलं काय उघडत असतील? वाटपाच्या दिवशी शाळाभर टाचण्या सांडलेल्या असायच्या. त्या सरांच्या कॅनव्हासच्या बुटात घुसायच्या, आणि टाचण्या कुणी टाकल्या म्हणून सर आख्ख्या वर्गाला पळवायचे.

मग दवाखान्यातली नर्स यायला लागली. वर्षातून एकदा. त्या दिवशी मुलींना हॉलमध्ये बसवायचं, खिडक्या लावायच्या, पडदे ओढायचे, शिपाई दाराबाहेर उभा. आत नर्स एक तक्ता टांगायची, भराभर बोलायची आणि शेवटी विचारायची, "काही शंका?" सगळ्या एका सुरात "नाही" म्हणायच्या आणि मग व्हरांड्यात माझी वाट अडवून मलाच भंडावून सोडायच्या. आणि मुलं? मुलं मैदानावर. सरांच्या ताब्यात. दोन तास व्हॉलीबॉल. बिचाऱ्यांना वाटायचं, हॉलमध्ये मुलींना खाऊ वाटतात. एका वर्षी तर आठवीच्या मुलांचं शिष्टमंडळच गेलं मुख्याध्यापकांकडे: आम्हाला पण पाहिजे म्हणून! मुख्याध्यापक असे काही लाल झाले की पोरांना वाटलं, खाऊ फारच महाग असणार.

मी एकदा सरांना म्हटलं, "अहो, मुलांनाही कुणीतरी काहीतरी सांगायला नको का?"

"मला कुठं कुणी सांगितलं होतं, बाई? माझं काय अडलं?"

"ते वहिनींना विचारायला हवं," मी म्हटलं. सर शिट्टी शोधण्याचं निमित्त करून उठून गेले. शिट्टी त्यांच्या गळ्यातच होती.

त्यानंतर एड्सच्या भीतीची वर्षं आली. व्हरांड्यात कवटीची चित्रं लागली. आता मुलांनाही हॉलमध्ये बसवू लागले, पण बसवून काय, तर घाबरवायचं. पोरं बाहेर यायची ती पांढरीफटक. एक जण तर मला विचारत होता, बाकावर शेजारी बसलं तर चालतं का. मी त्याला सगळं नीट सांगितलं, तर मुख्याध्यापकांनी मला बोलावून घेतलं आणि म्हणाले, "बाई, इतकं खोलात कशाला?" माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. नोकरी काही आता नवी नव्हती, मी बोलले जे बोलायचं ते. माझं बोलणं तिथल्या तिथं विरून गेलं आणि कवट्या तशाच राहिल्या.

या सगळ्या वर्षांत पोरांना प्रेमाबिमाविषयी, मुलीशी कसं वागावं याविषयी जे काही शिक्षण मिळालं, ते एकाच माणसाकडून. सरांकडून. आणि तेही एका गोष्टीतून.

दहावीची मुलं शाळा सोडताना मैदानावर शेवटचा सामना व्हायचा. सामना झाला की पोरं सरांना घेरून बसायची, "सर, ती गोष्ट! सर, वहिनींची गोष्ट!" सर आधी लाजायचे, मग झाडाकडे बघत सुरू करायचे. तरुणपणी ते एका मुलीला टायपिंगच्या क्लासला जाताना बघायचे. धीर करून विचारलं. ती "नाही" म्हणाली. दुसरा कुणी असता तर गेला असता. सर रोज संध्याकाळी क्लाससमोरच्या कोपऱ्यावर जाऊन उभे राहिले. बोलायचं नाही, काही नाही, नुसतं उभं राहायचं. ऊन असो, थंडी असो. वर्षभर. शेवटी दोन्हीकडच्या मोठ्यांनी बोलणी केली आणि लग्न झालं. "माणसानं मैदान सोडायचं नाही," असा शेवट करायचे. पोरं शिट्ट्या वाजवायची, टोप्या उडवायची, आणि ती गोष्ट खालच्या वर्गांतही तोंडपाठ व्हायची. स्टाफरूममध्येही ती गोष्ट सगळ्यांची लाडकी होती. इतका बुजरा माणूस आणि बघा काय करून बसला, असं म्हणून आम्ही हसायचो.

सरांची निवृत्ती जवळ आली तेव्हा नववीत एक मुलगी आली. तिला सगळे 'सुसाट' म्हणायचे. काटकुळी, लांब पायांची, बोलायला कंजूष. वडील मालाची व्हॅन चालवायचे, आई लाँड्रीत इस्त्री करायची. ही पोरगी धावायला लागली की मैदानावरचे बाकीचे खेळ आपोआप थांबायचे. सरांना पहिल्याच दिवशी कळलं. स्टाफरूममध्ये आले ते घाम पुसायचं विसरून. "बाई, आख्ख्या नोकरीत असं पोर हाताला लागलं नव्हतं," म्हणाले. सरांच्या हाताखालून कितीतरी पोरं गेली, पण एकही विभागीय स्पर्धेच्या पुढं गेलं नव्हतं. जाण्याआधी एकदा, फक्त एकदा, आपलं पोर राज्याच्या शर्यतीत उभं राहिलेलं बघायचं होतं त्यांना. दुसरं काही मागणं नव्हतं त्या माणसाचं. स्वतःच्या खिशातून तिला बूट आणले आणि शाळेनं दिलेत म्हणून खोटं सांगितलं.

आणि शर्यत दोन-तीन महिन्यांवर आली असताना सुसाटनं सरावाला येणं बंद केलं.

आज पोट दुखतंय, उद्या घरी काम आहे, परवा काहीच नाही, नुसती मान खाली. सर हवालदिल झाले. आधी ओरडले. मग समजावलं. मग तिच्या आईला भेटून आले. आई म्हणाली, "आम्ही कुठं नको म्हणतो?" सर माझ्याजवळ येऊन बसले. "बाई, तुम्ही विचारा ना तिला. माझ्याशी बोलत नाही." मी विचारलं. मलाही तिनं "काही नाही बाई" एवढंच सांगितलं.

त्याच सुमाराला नवा अभ्यासक्रम आला. आता नुसता शरीराचा धडा नाही, तर नाती, मैत्री, राग, होकार, नकार, सगळं. मुलंमुली एकाच वर्गात. आणि शिकवायला दोन जण, एक बाई आणि एक पुरुष, एकत्र उभे राहून. बाई म्हणून माझं नाव आधीच ठरलेलं होतं, शाळेत एवढं तोंड दुसऱ्या कुणाला होतं? पुरुष कोण, यावर मीटिंग झाली. गणिताच्या सरांची कंबर अचानक धरली. इतिहासाच्या सरांना चक्कर यायला लागली. सगळ्यांनी काखा वर केल्या. खेळाचे सर मैदानावर चुना टाकत होते, मीटिंगला नव्हतेच. त्यांचंच नाव लागलं.

"बाई, मला वाचवा," ते म्हणाले.

"वाचवते. माझ्या शेजारी उभे राहा आणि मी बोट दाखवीन तेव्हा बोला."

प्रशिक्षणाला गेलो तर तिथल्या तरुण ताईंनी प्रत्येकाला उभं करून शरीराच्या भागांची नावं मोठ्यानं म्हणायला लावली. सरांची दातखीळ बसली. घाम असा फुटला की कागद भिजला. ताई म्हणाल्या, "सर, तुम्हाला जमेल तसं म्हणा." तेव्हा सरांनी डोळे मिटले, छाती पुढं काढली आणि कवायतीच्या आवाजात एकेक शब्द हुकमासारखा सोडला. समोरचे दोन शिक्षक दचकून ताठ झाले. तीच युक्ती पुढं वर्गात चालली. पहिल्या तासाला सर फळ्यासमोर उभे राहिले आणि गरजले, "मासिक! पाळी!" मागच्या बाकावरचा एक पोरगा झोपेतून उठून सावधान उभा राहिला. वर्ग हसून हसून लोळला. सरही हसले, पहिल्यांदाच झाडाकडे न बघता. त्यानंतर पोरं आमच्या तासाची वाट बघायला लागली. काय काय विचारायची! उंची कधी थांबते, आवाज का फुटतो, आईबाप भांडले की आपण काय करायचं. सर रोज माझ्याकडून पाठ करून घ्यायचे, परीक्षेला बसणाऱ्या पोरासारखे.

मग तो नकाराचा तास आला. मी वर्गाला एक प्रसंग दिला: एका मुलाला एक मुलगी आवडते. तो विचारतो. ती नाही म्हणते. आता त्यानं काय करावं?

पहिला हात वर झाला तो कॅप्टनचा. कॅप्टन म्हणजे व्हॉलीबॉलच्या संघाचा कप्तान, नववीतलाच, सरांचा लाडका. सरळ, मेहनती पोरगा. कुणाशी मारामारी नाही, शिवी नाही. तो उभा राहिला आणि छान खणखणीत आवाजात म्हणाला, "त्यानं प्रयत्न सोडू नये. सरांनी सोडला नाही. सर वर्षभर कोपऱ्यावर उभे होते, म्हणून तर वहिनी मिळाल्या. सर म्हणतातच, नाही होत म्हटलं की अजून दोन फेऱ्या!"

वर्गानं बाकं बडवली. सरांच्या चेहऱ्यावर हसू फुटणारच होतं, मी बघितलं. तेवढ्यात सुसाट उठली. दप्तर उचललं आणि कुणाची परवानगी न घेता वर्गाबाहेर चालती झाली.

मी तिच्या मागे गेले. नळाशी उभी होती, नळ सोडून, पाणी तसंच वाहत होतं. म्हटलं, "काय झालं ग बाळ?"

तिनं नळ बंद केला. मग म्हणाली, "बाई, कॅप्टन रोज माझ्या मागे येतो. घरापर्यंत. काही करत नाही, बोलत पण नाही. नुसता चालतो. मी दोनदा सांगितलं, येऊ नकोस. म्हणतो, मी वाट बघीन. मैत्रिणी म्हणतात, किती चांगला आहे, किती प्रेम आहे. सराव सुटतो तेव्हा रस्ता रिकामा असतो, बाई. मागे पावलं वाजतात."

"सरांना का नाही सांगितलंस?"

तिनं माझ्याकडे असं बघितलं, जशी काही मीच खुळी. "सरांना काय सांगणार? सरांचीच तर गोष्ट आहे."

मी तिथून निघाले ती सरांची चांगली हजेरी घ्यायची म्हणूनच. तोंडात शब्द तयार होते. पण त्यांना सगळं सांगितलं आणि त्यांचा चेहरा बघितला, तर माझे शब्द जागच्या जागी राहिले. माणूस खुर्चीत बसला तो बसलाच. घंटा झाली, पोरं मैदानावर वाट बघत होती, सर उठले नाहीत.

पुढचं मला वहिनींनी सांगितलं. त्या वीज कंपनीच्या ऑफिसात खिडकीवर बसतात. खिडकी बंद झाल्यावर चहा घेता घेता म्हणाल्या, "घरी आले, बूटसुद्धा काढले नाहीत. दारात उभे राहून विचारतात, मी कोपऱ्यावर उभा असायचो तेव्हा तुला काय वाटायचं? मी म्हटलं, आज बरी आठवण झाली! तर म्हणाले, खरं सांग."

"मग?"

"मग सांगितलं खरं. भीती वाटायची. मागच्या गल्लीतून जायला लागले. तिथं कुत्री असायची, पण म्हटलं, कुत्री परवडली. शेवटी क्लासच सोडला. पुढची परीक्षा द्यायची होती हो मला, ती राहिली ती राहिलीच."

"आणि लग्नाला हो कशा म्हणालात?"

"घरच्यांनी ठरवलं. मीही म्हटलं, हा माणूस रस्त्यावर उभा राहण्यापेक्षा घरात बसलेला बरा." आणि वहिनी हसल्या. मग कप खाली ठेवून म्हणाल्या, "वाईट नाहीत हो हे. कधी आवाज चढवला नाही माझ्यावर. माझं ऑपरेशन झालं तेव्हा रोज केस विंचरून द्यायचे. सुखानं संसार झाला. पण इतक्या वर्षांत एकदाही विचारलं नव्हतं. परवा विचारलं तेव्हा मलाच कळलं, मी ते काही विसरलेले नाही."

मला तिथं रडू आलं. वहिनींना नाही आलं. त्यांनी मला बिस्किट दिलं.

पुढच्या तासाला सर म्हणाले, "बाई, आज मी आधी बोलतो." कवायतीचा आवाज नव्हता. ऐकू यावं म्हणून मागच्या बाकांवरची पोरं पुढं सरकली. "माझी गोष्ट तुम्हाला सगळ्यांना पाठ आहे," सर म्हणाले. "पण ती अर्धी आहे. उरलेली अर्धी मला परवा कळली." आणि सांगितली. मागची गल्ली, कुत्री, सोडलेला क्लास, राहिलेली परीक्षा. काही झाकलं नाही. "मला वाटायचं, ती लाजते म्हणून वाट बदलते. ती मला घाबरत होती. मी चांगला मुलगा होतो, काही केलं नव्हतं, तरी घाबरत होती. मैदानावर दोन फेऱ्या मी तुमच्याकडून मागतो, त्या तुमच्या स्वतःच्या पायांनी असतात. दुसऱ्याच्या रस्त्यावर फेऱ्या मारायच्या नसतात. हे मला आधी कळायला हवं होतं."

कॅप्टनचे कान लाल झाले होते. तरी तो उठला. हिंमतीचा पोरगा. म्हणाला, "पण सर, शेवटी लग्न झालंच ना? तुम्ही सोडून दिलं असतं तर झालं असतं का?"

मला वाटलं, आता सर अडकले. मी तोंड उघडणार होते, त्यांनी हातानं थांबवलं.

"नसतं झालं," सर म्हणाले. "माझं वाईट झालं असतं. तिची परीक्षा झाली असती. तिला त्यातलं काय हवं होतं, ते मी विचारलंच नव्हतं, बाळा."

तास संपल्यावर कॅप्टन रिकाम्या वर्गात बसून राहिला. सर त्याच्याजवळ गेले. मी दारात होते. पोरगा रडवेला होऊन म्हणत होता, "सर, मी काही वाईट केलं नाही. मी फक्त सोडलं नाही." सर त्याच्या बाकावर अंग चोरून बसले, एवढा मोठा माणूस एवढ्याशा बाकावर. "माहीत आहे मला," म्हणाले. "मीच शिकवलं तसं. आता मीच सांगतोय, थांब. आजपासून." मग नव्या मुख्याध्यापिकांना सांगितलं, कॅप्टनच्या घरच्यांना बोलावलं. त्याची आई चिडली, आमच्या पोराला उगाच बदनाम करता म्हणाली. बाप मात्र सगळं ऐकून घेत होता. पोरगा त्या दिवसापासून मागच्या गेटनं घरी जायला लागला.

सरांचा जीव मात्र थाऱ्यावर नव्हता. मला म्हणाले, "बाई, मी काही दिवस तिच्या मागोमाग घरापर्यंत जाऊ का? लांबून? लक्ष राहील."

"अहो, काय बोलताय!" मी कपाळाला हात लावला. "एक गेला आणि दुसरा आला म्हणेल ती!"

सर असे ओशाळले की मला त्यांची दया आली. मग तिच्या वडिलांनी काही दिवस व्हॅन शाळेवरून न्यायचं ठरवलं, ते सगळ्यांत बरं झालं. ती वर्गात बोलायला लागली. मैत्रिणींशी खिदळताना दिसली. एकदा तर मधल्या सुट्टीत व्हरांड्यातून अशी धावत सुटली की सर स्टाफरूमच्या खिडकीतून बघतच राहिले, हातातला चहा गार झाला.

शर्यतीची नावं द्यायची मुदत संपत आली होती. सरांनी बाकीची नावं दिली होती, मुलींच्या लांब शर्यतीची जागा तेवढी ठेवली होती. संध्याकाळी मैदानावर आम्ही दोघं बाकावर बसलो होतो, तेव्हा सुसाट आपण होऊन आली. हातात ते बूट होते. सर उठून उभे राहिले. त्यांचा चेहरा बघवत नव्हता, इतका उजळला होता.

"सर, मी नाही धावणार शर्यतीत," ती म्हणाली.

सरांनी विचारलं, "तो त्रास देतो का अजून?"

"नाही, सर. तो दिसत पण नाही."

"घरून कुणी काही म्हणालं?"

"नाही. मलाच नकोय." तिनं बूट पुढं केले. ती सरांकडे बघत होती, धपाट्याची वाट बघावी तशी. खांदे आधीच आक्रसलेले.

सरांकडे सांगायला किती होतं! निम्मं शहर त्यांनी अशाच क्षणी बोलून बोलून पळवलं होतं. त्यांनी बूट हळूच तिच्याकडे परत सारले. मग म्हणाले, "बरं."

ती जागची हलली नाही. "बरं म्हणजे, सर?"

"बरं म्हणजे बरं. बूट तुझेच आहेत, ठेव. जा घरी, वडील थांबले असतील."

ती निघाली. दोन पावलं गेली आणि वळून बघितलं, हाक येते का म्हणून. परत थोडी गेली, परत बघितलं. हाक आली नाही. तेव्हा मग तिचे खांदे खाली आले आणि ती सावकाश, हात हलवत, बूट फिरवत गेटबाहेर गेली. व्हॅनचं दार लागल्याचा आवाज आला.

सर बाकावर बसले. "बाई, ही पोरगी राज्यात पहिली आली असती हो," म्हणाले आणि तो ताडमाड माणूस ओंजळीत तोंड लपवून रडायला लागला. मला ते बघवेना. मी म्हटलं, "अहो, अजून मुदत आहे ना? उद्या एकदा विचारून बघा. पोरींचं मन काय, आज एक, उद्या एक. मी बोलू का तिच्याशी?"

सरांनी तोंड पुसलं. माझ्याकडे बघितलं, सरळ माझ्या डोळ्यांत.

"विचारलं ना, बाई," म्हणाले. "आणि तिनं सांगितलं."